डबा कुणाच्या घरी

मुंबईत स्वतंत्रपणे माहितीपट करणाऱ्या माणसाच्या घरी गेलात तर पोस्टरं आणि सन्मानचिन्हं नंतर बघा. आधी मान वर करून पोटमाळा बघा. पोटमाळा नसेल तर दिवाणाखालचा कप्पा बघा, तोही नसेल तर स्वयंपाकघरातलं सगळ्यात वरचं कपाट. तिथे थरावर थर लागलेले असतात. तळाला १६ एमएमचे पत्र्याचे चपटे डबे, कडेला गंज धरलेला. त्यावर विटेएवढ्या यू-मॅटिक कॅसेटी. मग व्हीएचएस, बीटा, हाय-एट, तळहातात चार मावतील अशा मिनी-डीव्ही आणि सगळ्यात वर रबरबँड लावून ठेवलेल्या हार्ड डिस्क. दर दिवाळीला घरातलं कुणीतरी विचारतं, "हे अजून ठेवायचंय का?" आणि दर दिवाळीला उत्तर तेच असतं.

माहितीपटवाल्यांना सहसा विचारतात की पैसे कुठून आले, कुठल्या महोत्सवात दाखवला, टीव्हीवर आला का. माझ्या मते खरा प्रश्न एकच आहे: कच्चं फुटेज कुणाच्या घरी आहे? पैसे देणाऱ्या वाहिनीचा करार नीट वाचला तर बहुतेक वेळा एक कलम असतंच, की तयार फिल्मबरोबर न वापरलेलं चित्रणही त्यांच्या मालकीचं. सही करताना त्याकडे लक्ष जात नाही, कारण पहिला हप्ता समोर असतो. पंधरा वर्षांनी त्यातलं एक मिनिट हवं झालं की कळतं, आपणच चित्रित केलेला माणूस आता आपल्याला विकत घ्यावा लागणार आहे. तोही सापडला तर.

माहितीपटकार आनंद पटवर्धनांची पन्नास वर्षांची कामगिरी मी याच बाजूने बघतो. त्यांच्या फिल्म्सच्या राजकारणावर पुष्कळ लिहून झालंय, बाजूने आणि विरोधात. त्या पोटमाळ्याबद्दल फार कुणी बोलत नाही.

सुरुवातच उसनवारीची. १९७४, बिहारमधलं जयप्रकाशांचं आंदोलन, वय चोवीस. हातात आलेला कॅमेरा सुपर-एट, म्हणजे घरच्या बारशा-लग्नाला वापरायचा. त्याची फिल्म आठ मिलिमीटर रुंद, आणि एका काडतुसात पन्नास फूट. सेकंदाला अठरा फ्रेमच्या वेगाने तीन मिनिटं वीस सेकंद, की संपली. अशी फिल्म सभागृहात दाखवता येत नाही, १६ एमएमची प्रिंट लागते. लॅबमध्ये मोठं करून घेण्याचा खर्च झेपणारा नव्हता, म्हणून देशी उपाय केला: सुपर-एट प्रोजेक्टरवर लावून पडद्यावर टाकायची आणि समोर १६ एमएमचा कॅमेरा लावून तो पडदाच चित्रित करायचा. ज्यांनी हा उद्योग केलाय त्यांना त्याचे सगळे आजार माहीत असतात. प्रोजेक्टरचं शटर आणि कॅमेऱ्याचं शटर एका तालात उघडझाप करत नाहीत, त्यामुळे चित्र धपापतं. मधोमध उजेड जास्त आणि कडा अंधाऱ्या. दाणा इतका जाड की माणसाचा चेहरा पोह्यांत काढल्यासारखा दिसतो. पण 'क्रांती की तरंगें' अशीच झाली, आणि लगेच आणीबाणी आली. मग प्रिंटचे तुकडे करून ते वेगवेगळ्या लोकांच्या सामानातून परदेशी गेले आणि पटवर्धन शिकायला कॅनडात गेल्यावर तिथे पुन्हा जोडले गेले. ही फिल्म लॅबच्या किंवा एखाद्या खात्याच्या कपाटात असती, तर तिचं काय झालं असतं याचा अंदाज करायला फार कल्पनाशक्ती लागत नाही.

सोळा एमएमचं गणित आजच्या पोरांना सांगावं लागतं, कारण त्या गणिताने एक पिढी घडवली. चारशे फुटांचं रीळ, मिनिटाला छत्तीस फूट, म्हणजे अकरा मिनिटं. एक तासाची फिल्म करायची आणि दहास एक असं प्रमाण धरलं तर सहाशे मिनिटं चित्रण लागतं, म्हणजे पंचावन्न रिळं. प्रत्येक रिळाचा खर्च तीनदा: कोरी फिल्म घेताना, धुताना आणि वर्कप्रिंट, म्हणजे संकलनासाठीची प्रत काढताना. त्यामुळे बटण दाबण्याआधी माणूस विचार करायचा, आणि नेमकं तेव्हाच समोरचा काहीतरी बोलून जायचा.

आता मे महिन्यात चुनाभट्टीच्या एखाद्या गल्लीत रीळ बदलायचंय असं समजा. चेंजिंग बॅग म्हणजे उजेड न लागता रीळ बदलायची, काळ्या कापडाची, दोन चेनची, दोन बाह्यांची पिशवी, बिनमाणसाचा सदरा म्हणा. त्यात मॅगझिन (कॅमेऱ्याला लागणारी फिल्मची पेटी), नवा डबा, रिकामा डबा, काळी पिशवी आणि गाभ्याची चकती ठेवायची, दोन्ही चेन लावायच्या, मग कोपरापर्यंत हात आत. पुढचं सगळं स्पर्शाने. फिल्मची मसाल्याची, म्हणजे चित्र उमटणारी बाजू कुठली हे ओठाला लावून कळतं. ती ओठाला किंचित चिकटते. (ओठाला लावायची असेल तर बॅगेत जाण्याआधी, टोकाच्या वाया जाणाऱ्या तुकड्यावर. हा धडा प्रत्येकाला एकदा मिळतो.) दोन मिनिटांत पिशवीत वाफ धरते, बोटं घामेजतात, आणि घामाचा एक ठसा मसाल्यावर उमटला की तो धुऊन जात नाही. पडद्यावर तो ढगासारखा सरकत जातो. म्हणून हात पुसायला सुती रुमाल आत ठेवायचा. पावडर अजिबात लावायची नाही, ती गेटमध्ये, म्हणजे लेन्समागच्या फिल्म सरकण्याच्या चौकटीत जाते. रीळ संपल्यावर लेन्स काढून, बॅटरी मारून गेट बघायचं, एखादा केस किंवा फिल्मचा कुसळ अडकलाय का. असला तर लाकडी काडीने काढायचा, धातूने ओरखडा पडतो. आणि सगळ्यात मोठी चूक सगळ्यात साधी: चित्रित झालेला डबा कोऱ्या डब्यांत मिसळणे. मग एकाच फिल्मवर दोनदा चित्रण होतं, मोर्च्यावर लग्नाची वरात. म्हणून हात बाहेर काढल्या काढल्या, पाणी पिण्याआधी, डब्यावर चिकटपट्टी आणि तिच्यावर रीळ क्रमांक, तारीख, ठिकाण.

आवाज वेगळा. नागरा टेपरेकॉर्डर, टॉर्चचे जाड सेल बारा, खांद्याला पट्टा. चित्र आणि आवाज जुळवायला क्लॅप. तो द्यायला सवड नसेल तर शॉटच्या शेवटी पाटी उलटी धरून वाजवायची. तेही जमलं नाही तर संकलनाच्या टेबलावर ओठांची हालचाल बघत 'प' आणि 'ब' शोधत बसायचं. त्या दोन अक्षरांना ओठ मिटतात, तेवढाच आधार.

ही सगळी कसरत करून १९८५ला 'हमारा शहर' झाली, मुंबईतल्या झोपड्या पाडण्यावर. त्याच वर्षी जुलैत फुटपाथवासीयांच्या खटल्याचा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल लागला. फिल्ममध्ये एक बाई कॅमेऱ्यामागच्यांनाच झापते, की आमचे फोटो काढून तुम्ही आमचं काय भलं करणार. दुसऱ्या कुणी तो तुकडा पहिल्याच कटमध्ये काढला असता. तो ठेवला गेला, कारण काढा म्हणणारा वर कुणी बसलेला नव्हता.

त्याच फिल्ममध्ये एक शाहीर गातो. विलास घोगरे. साधा माणूस, साधी चाल, आवाजाला धार. फिल्म झाली, डबे कपाटात गेले.

११ जुलै १९९७. घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात पहाटे बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला दिसला, लोक रस्त्यावर आले, पोलिसांनी गोळीबार केला, दहा माणसं गेली. त्यानंतर काही दिवसांतच विलास घोगरेंनी आपल्या खोलीत गळफास घेतला. पटवर्धनांनी कॅमेरा उचलला तो तिथून, आणि 'जय भीम कॉम्रेड' पूर्ण झाली २०११मध्ये. चौदा वर्षं.

या चौदा वर्षांकडे लोक चिकाटी म्हणून बघतात. असेलही. मला त्यात दुसरं दिसतं. घोगरेंचं जिवंतपणीचं गाणं, नीट ध्वनीसकट, निगेटिव्हसकट, शहरात कुठे होतं? एका खासगी कपाटात. ते नसतं तर या फिल्मचा मुख्य माणूस केवळ हार घातलेल्या फोटोत दिसला असता आणि बाकीच्यांनी त्याच्याबद्दल सांगितलं असतं. आपण असे माहितीपट शेकड्याने बघतो: गेलेला माणूस, त्याचे तीन फोटो, हळूहळू जवळ जाणारा कॅमेरा, बासरी. इथे माणूस स्वतः समोर येऊन गातो. ते चित्रण बारा वर्षांपूर्वी झालं तेव्हा कुणाच्या डोक्यात ही फिल्म नव्हती.

आणि वेळ का लागला, तर प्रकरणच संपत नव्हतं. आयोग बसला, खटला चालला, सत्र न्यायालयाने पोलीस अधिकाऱ्याला दोषी ठरवलं ते २००९मध्ये. मधल्या काळात वस्तीतले शाहीर बदलले, पुढची पिढी आली, पुण्याच्या कबीर कला मंचाची पोरं गाऊ लागली आणि पुढे त्यांच्याच मागे पोलीस लागले. कुठलाही निधी देणारा तुम्हाला सहसा अठरा महिने देतो, फार तर तीन वर्षं. तीन वर्षांत ही फिल्म गोळीबाराची बातमी होऊन संपली असती. स्वतःचा कॅमेरा, स्वतःचं एडिट आणि दोन माणसांचं युनिट असेल तरच माणूस थांबू शकतो. थांबण्याचा खर्च कमी ठेवणे ही या धंद्यातली सगळ्यात कमी शिकवली जाणारी गोष्ट आहे. फिल्म स्कूलमध्ये प्रस्ताव लिहायला शिकवतात. घरभाडं, कॅमेऱ्याचा हप्ता आणि दोन फिल्म्समधलं अंतर यांचा मेळ कसा घालायचा हे कुणी शिकवत नाही. बहुतेक जण तो मेळ दुसऱ्यांची कामं करून घालतात: संस्थांच्या अहवालपटांचं एडिट, महिन्यातले चार दिवस कॉलेजात शिकवणं, कॅमेरा भाड्याने देणं. त्यात लाज काही नाही. फक्त त्या कामाचं फुटेज वेगळ्या डिस्कवर ठेवावं.

चित्रणाबद्दल थोडं, कारण मुंबई हे शहर माहितीपटाच्या विरुद्ध बांधलेलं आहे. पहिला शत्रू पंखा. दुसरा फ्रिज. मुलाखत चालू असताना फ्रिजचा कॉम्प्रेसर मध्येच सुरू होतो आणि मध्येच थांबतो, आणि एडिटमध्ये ती दोन वाक्यं कधीच जुळत नाहीत, कारण एकामागे घरघर आहे आणि दुसऱ्यामागे नाही. म्हणून फ्रिज बंद करायचा. आणि तो पुन्हा चालू करायला विसरू नये म्हणून आपल्या गाडीची किंवा घराची किल्ली फ्रिजमध्ये ठेवायची. किल्लीशिवाय जाणार कुठे? यजमानांचं दूध नासलं की पुढची मुलाखत मिळत नाही. टीव्ही आणि रेडिओही बंद करायला सांगायचे: मागे हिंदी गाणं ऐकू आलं तर वाहिनीला विकताना त्या गाण्याचे हक्क कुठून आणायचे? निघण्याआधी सगळ्यांना गप्प बसवून त्या खोलीची नुसती शांतता एक मिनिट रेकॉर्ड करायची. मुंबईत तिला शांतता म्हणायचं, एवढंच. कावळा, लांबची लोकल, वरच्या मजल्यावरचा मिक्सर. पण दोन वाक्यांमधला सांधा त्यानेच बुजतो.

कॉलरमाईक हा स्वतंत्र विषय आहे. खळ घातलेल्या सुती साडीवर तो लावला की प्रत्येक श्वासाला कागद चुरगळल्याचा आवाज येतो. मंगळसूत्र माईकवर आपटतं. केमिस्टकडची कागदी चिकटपट्टी घेऊन माईकच्या दोन्ही बाजूंना त्रिकोणी घडी करायची, कापडाच्या दोन थरांत माईक दाबून बसवायचा आणि खाली वायरीचा छोटा वेढा ठेवायचा म्हणजे ओढ माईकपर्यंत पोचत नाही. हे सगळं त्या बाईंच्या सुनेला किंवा मुलीला करायला सांगायचं आणि आपण खिडकीबाहेर बघायचं.

उजेडाचं एक सूत्र: आपली वीज पन्नास हर्ट्झची, ट्यूबलाइट सेकंदाला शंभरदा लुकलुकते. पंचवीस फ्रेम आणि पन्नासांश सेकंदाचं शटर ठेवलं तर कॅमेऱ्याला ते दिसत नाही. मोबाइल मुळात तीस फ्रेमवर असतो, त्यात काळे पट्टे वर सरकताना दिसतात. आणि ट्रायपॉड शक्यतो पिशवीतच. हातातला कॅमेरा हा पर्यटक असतो. ट्रायपॉड उघडला की शूटिंग होतं, आणि शूटिंग म्हटलं की 'परमिशन आहे का?'

मग टेपचा काळ आला. डीव्ही कॅसेट नव्वदच्या दशकाच्या मध्यावर आली आणि सोळाच्या रिळाचं गणित एका झटक्यात कोसळलं. साठ मिनिटं, शे-दोनशे रुपयांत. पंचावन्न रिळांची भीती गेली आणि तिच्या जागी दुसरा रोग आला: माणसं थांबेनाशी झाली. दीडशे तासांचं चित्रण आणि त्यात काय आहे याची एक ओळ नाही. लॉग, म्हणजे चित्रणाची नोंदवही, ही कंटाळवाणी गोष्ट आहे, म्हणूनच तिच्यावर सगळं अवलंबून असतं. कॅसेट क्रमांक, मिनिट-सेकंद, कोण, कुठे, कुठल्या भाषेत, काय बोललं त्याचे पहिले चार शब्द. एका तासाच्या टेपला दोन तास धरावेत. चौदा वर्षांनी तुम्हाला 'म्हातारा, निळी टोपी, हसतो' हे सापडलं पाहिजे.

आता मुंबईच्या हवेकडे येऊ, कारण खरा सेन्सॉर तीच आहे. जुलैत इथल्या हवेतला दमटपणा ऐंशी टक्क्यांच्या वर असतो. सोळा एमएमच्या फिल्मचा पाया ॲसिटेटचा. उष्णता आणि ओल मिळाली की तो कुजायला लागतो आणि ॲसिटिक आम्ल सोडतो. डबा उघडला की लोणच्याच्या कारखान्यात आल्यासारखा व्हिनेगरचा भपका येतो. एकदा सुरू झालं की तेच आम्ल कुजणं आणखी वाढवतं, आणि शेजारच्या डब्यांनाही लागण होते. फिल्म आक्रसते, कडा लाटेसारख्या होतात, भोकं दात्यांवर बसत नाहीत. आक्रसणं एक टक्क्याच्या पुढे गेलं की साध्या प्रोजेक्टरवर ती लावू नये, फाटते. थांबवता येत नाही, फक्त लांबवता येतं.

लोक इथे काळजीपोटी नेमकी चूक करतात. फिल्म प्लास्टिकच्या पिशवीत घट्ट गुंडाळून, वर चिकटपट्टी मारून ठेवतात. आम्ल आतच कोंडतं आणि कुजण्याचं काम आणखी वेगाने होतं. गंजका पत्रा बदलून भोकं असलेला प्लास्टिकचा डबा घ्यावा, पिशवी काढून टाकावी, वास येणारे डबे बाकीच्यांपासून वेगळ्या खोलीत न्यावेत. परीक्षेला निळ्या कागदी पट्ट्या मिळतात. चोवीस तास डब्यात ठेवायच्या, निळी राहिली तर ठीक, हिरवी झाली तर लवकर स्कॅन करा, पिवळी झाली तर आजच. रंगीत निगेटिव्हला खरं तर फ्रिजएवढी थंडी आणि चाळीस टक्क्यांच्या आतला दमटपणा लागतो, आणि दोन खोल्यांच्या घरात ते परवडत नाही. जमेल त्याने मूळ निगेटिव्ह पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जमा करावी. जमा करताना लेखी घ्यावं की मालकी तुमचीच. डबा दुसऱ्याच्या घरी ठेवायलाही हरकत नाही, पावती आपल्या घरी हवी.

टेपचं दुखणं वेगळं. कॅसेटच्या खिडकीतून बघा, गुंडाळीच्या कडेवर पांढरी जाळी दिसली तर ती बुरशी. अशी कॅसेट 'बघू तरी चालते का' म्हणून लावायची नाही. यंत्रातलं टेप वाचणारं हेड भरतं, आणि त्याच यंत्रात पुढची चांगली कॅसेट लावली की तीही बाटते. आधी कोरड्या जागी सुकवून, कुणा जाणकाराकडून साफ करून मगच. यंत्रं हीच आता मोठी अडचण आहे. लॅमिंग्टन रोडवर डेक दुरुस्त करणारी हाताच्या बोटांवर मोजण्याएवढी माणसं राहिलीत, आणि सुटे भाग दुसऱ्या मेलेल्या डेकमधून येतात. कॅसेट संगणकावर उतरवून घ्यायला तिच्या लांबीएवढाच वेळ लागतो, घाई चालत नाही. तीनशे कॅसेटी म्हणजे तीनशे तास. एका तासाला तेरा जीबी धरले तर सगळं मिळून चार टीबीच्या आतबाहेर. चौदा वर्षांचं काम आज शर्टाच्या खिशात मावतं, ही गंमत आहे आणि भीतीही.

डिस्कचं म्हणाल तर तीन प्रती, दोन प्रकारच्या साधनांवर, एक मुंबईबाहेर. २६ जुलै २००५ला सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस पडला. तळमजल्यावरच्या लोकांना प्रत बाहेर का हवी हे त्यानंतर समजावून सांगावं लागलं नाही. मामाचं साताऱ्याचं घर चालेल. वर्षानुवर्षं न फिरवलेली डिस्क अडकून बसते, म्हणून सहा महिन्यांनी जोडून चालवायची. गणपती आणि होळी हे दोन दिवस लक्षात राहायला बरे.

कपाटात एक थर कागदांचा असतो, त्याला विसरून चालणार नाही. पटवर्धनांच्या फिल्म्सना राष्ट्रीय पुरस्कार मिळायचे आणि दूरदर्शन त्याच फिल्म्स दाखवायला नकार द्यायचं; दोन्हीकडे सरकार एकच. 'राम के नाम' १९९२ची, न्यायालयामार्गे दूरदर्शनवर आली १९९७मध्ये. 'पितृ, पुत्र और धर्मयुद्ध' १९९५ची, सर्वोच्च न्यायालयाचा निकाल ऑगस्ट २००६चा. 'जंग और अमन'ला सेन्सॉर मंडळाने एकवीस काटछाटी सुचवल्या होत्या, २००३मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने एकही न करता ती सोडली. या लढाया भाषणांनी जिंकल्या जात नाहीत. अर्जाची पोच, आवक शिक्का, कोणत्या तारखेला कोणती प्रत दिली, तिची लांबी किती, कोणत्या पत्राला उत्तर आलं नाही, हे सगळं फाइलमध्ये असावं लागतं. २०२१मध्ये अपिलाचा लवाद बरखास्त झाल्यापासून मंडळाशी मतभेद म्हणजे थेट उच्च न्यायालय, त्यामुळे फाइल आधीपेक्षा जाड हवी. २००४च्या मुंबई आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवासाठी फक्त भारतीय माहितीपटांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घातली गेली, विरोध झाल्यावर ती मागे घेतली, आणि मग बऱ्याच परखड फिल्म्स निवडीतच गळल्या. तेव्हा माहितीपटवाल्यांनी प्रभादेवीच्या भूपेश गुप्ता भवनात 'विकल्प' नावाने स्वतःचाच महोत्सव भरवला. फिल्म्स आपापल्या घरी होत्या म्हणून पिशवीत घालून आणता आल्या. नाहीतर कुणाची परवानगी मागितली असती?

वस्तीत दाखवण्याबद्दल एकच: मराठी सबटायटल्सवर भिस्त ठेवू नये. पुढच्या रांगेत पोरं उभी राहतात, खालच्या दोन ओळी त्यांच्या डोक्यांआड जातात आणि मागच्या आजीला वाचता येतंच असं नाही. निवेदन मराठीत बोललेलं असावं. स्पीकर पडद्याशी, प्रोजेक्टरपाशी नाही. पावसाळ्यानंतर, साडेसातच्या पुढे.

२०२३ची 'वसुधैव कुटुंबकम' ही पटवर्धनांची फिल्म त्यांच्या आईवडिलांची, काकांची. राव आणि अच्युत पटवर्धन हे स्वातंत्र्यलढ्यातले काका, आई निर्मला मातीकाम करणारी नामवंत कलाकार. आईवडील थकत गेले त्या वर्षांत घरात सहज म्हणून केलेलं चित्रण, जेवणाच्या टेबलावरचं, चेष्टामस्करीचं. कुठल्या प्रस्तावात ते बसलं नसतं. 'उद्दिष्ट' या रकान्यात काय लिहिणार, आई बाबांना चिडवते आहे?

तर कपाट आवरायला बसाल तेव्हा प्रत्येक डिस्कबरोबर तिची केबलही त्याच डब्यात ठेवा. दहा वर्षांनी डिस्क मिळेल, ते टोक मिळणार नाही. आत एक चिठ्ठी टाका: काय आहे, कधीचं, कोण दिसतं, कुणाला दाखवायला चालेल आणि कुणाच्या जिवाला धोका आहे म्हणून चालणार नाही. चिठ्ठी शाईच्या पेनने लिहू नका, दमट हवेत शाई पसरते. पेन्सिलने लिहा, आणि घरातल्या दुसऱ्या कुणालाही वाचता येईल अशा अक्षरात.